पताकेपासून सहा हात

पाठीवर पोहणाऱ्याला भिंत दिसत नाही.
दिसतं आभाळ,
नाहीतर पत्रा आणि पत्र्याखाली अडकलेलं कबुतर.
म्हणून भिंतीच्या पाच मीटर अलीकडे
पताकांची दोरी बांधतात.
ती डोळ्यांवरून सरकली की मोजायला लागायचं.
मालन गायधनीचे सहा हात व्हायचे.
सातव्याला भिंत.

वडील प्रेसमध्ये, नोटांच्या मोजणीला.
दिवसभर दुसऱ्यांचे पैसे मोजून
संध्याकाळी सायकलच्या दांड्यावर पोरीला बसवायचे,
जेलरोडवरून तलावावर आणायचे
आणि काठावर बसून तिचे हात मोजायचे.
ओठ तेवढे हलायचे. सवय.
एकदा म्हणाले, "नोट कमी भरली तर
पुन्हा मोजता येते गं."
एवढंच.

पोहायला मात्र शिकली गंगेवर, दसकच्या घाटाला,
पाठीला रॉकेलचा डबा बांधून.
डबा सुटला, ती उलटली
आणि तशीच राहिली, तोंड आभाळाकडे.
मामा काठावरून बोंबलत होता.
कान पाण्यात. तिला काही ऐकू आलं नाही.
"तेव्हाच ठरवलं," ती सांगायची,
"ज्यात बोंब ऐकू येत नाही तो प्रकार आपला."

शहाऐंशीला राज्यात पहिली.
सत्त्याऐंशीला राष्ट्रीय, दोनशे मीटर,
शेवटच्या फेरीत अर्ध्या अंगाने पुढे,
आणि त्या गावच्या तलावावरची पताकांची दोरी
कुणीतरी टॉवेल वाळत घालायला नेलेली.
तिने अंदाज धरला.
अंदाजाच्या पाचव्या हातालाच डोकं आदळलं.
तिसरी आली. चार टाके.
"एक पदक, चार टाके," म्हणायची,
"जमेची बाजू मोठी आहे."

पुढच्या वर्षी रॉटरडॅमचं बोलावणं.
पासपोर्ट आला तेव्हा
स्पर्धा संपून अकरा दिवस झाले होते.
आता भावाच्या मळ्यातली द्राक्षं
दर फेब्रुवारीत त्याच बंदरात उतरतात,
पेटीवर ठळक छापलेलं, गायधनी.
"आडनाव पोचलं की,"
असं म्हणून ती शिट्टी फुंकायची
आणि आम्ही मुकाट पाण्यात.

आम्हाला मिळाली ती अशी:
गुडघ्याला विटलेला ट्रॅकसूट, पावसाळी चप्पल,
गळ्यात बंद पडलेलं स्टॉपवॉच.
वेळ तोंडाने मोजायची.
एक-दोन दशांश इकडेतिकडे, जास्त नाही.
"मान सोड. पाण्याला देऊन टाक मान.
पाणी काय घेऊन पळतंय का?"
मी कायम चौथा.
त्याबद्दल ती कधी काही बोलली नाही.
बाहेर आलो की विचारायची, "किती हात?"

धरण तळाला गेलं त्या उन्हाळ्यात
पालिकेने तलाव बंद केला.
निळ्या फरशा उघड्या पडल्या,
जाळीवर पिंपळाची पानं, एक चष्मा,
कुणाचा तरी दुधाचा दात (तो धनश्रीने खिशात घातला).
तिने आम्हाला शिडीने तळाशी उतरवलं.
बावीस पोरं, तापलेल्या फरशीवर, उताणी.
वर दोरी जागच्या जागी,
तिनेच जुन्या साड्यांच्या काठांची शिवलेली.
हात चालवा, म्हणाली.

चालवले. खांदे सोलले.
वॉचमन कठड्यावर वाकून हसत होता,
मग हसायचा थांबला,
कारण ती पण येऊन आडवी झाली
चार नंबरच्या लेनमध्ये, माझ्या शेजारी,
अठ्ठेचाळिशीची बाई, डोळे उघडे,
ओठ हलत होते.
मी पण मनात तिचेच मोजत राहिलो.
सहा झाले.
सात.
अकरा.

पाचची घंटा झाली तेव्हा उठलो,
सगळ्यांच्या पाठीवर फरशीचे चौकोन.
ती कोपऱ्यात उभी राहून
टॉवेलने केस पुसत होती,
कोरडे ठणठणीत केस,
कानामागून, नीट,
रोजच्यासारखे.